दुसऱ्या विश्वातला सज्जन सैतान

...आणि वर मलाच म्हणते, 'नाना, यंदा तुम्ही सज्जन व्हा!' मला! ह्या फिलिपला! वयाच्या बहात्तराव्या वर्षी! अहो, ज्या माणसानं जन्मात कुणाच्या सरळ प्रश्नाला सरळ उत्तर दिलं नाही, ज्यानं बाप्तिस्म्याच्या वेळीच पाळकसाहेबांचा झगा... जाऊ द्या, बायामाणसं बसलीत... त्याला तुम्ही सज्जन करायला निघालात? आणि का, तर म्हणे सायन्स! तुम्हाला सांगतो, मी सातवीत दोनदा बसलेला माणूस, तिसऱ्यांदा बसणार होतो पण मास्तरांनीच हात जोडले म्हणून उठलो, तरी सायन्सचं पुस्तक मी उघडून बघितलंय. त्यात बेडूक होता, लोहचुंबक होतं, पण म्हाताऱ्याला सज्जन करायचा धडा काही नव्हता. मग यात सायन्स कुठं आलं, तुम्हीच सांगा!

थांबा, पहिल्यापासून सांगतो, नाहीतर म्हणाल म्हातारा गाडी कुठूनही सोडतो.

आमची वाडी कोल्हारच्या पुलापासून तीन किलोमीटर आत. चहूबाजूंनी ऊस, उसात घरं, घरापुढं गाई आणि मधोमध आमचं चर्च. दिवाळी सरली, बाजरी घरात आली की आमचा सुगीचा सण. ज्याच्या रानात जे पिकलं त्यातलं पहिलं चर्चमध्ये आणायचं. कुणी कणसं आणतं, कुणी भोपळा, कुणी अंडी, एकानं तर एका वर्षी रेडकू आणून खांबाला बांधलं आणि ते उपदेशाच्या वेळी पाळकसाहेबांपेक्षा मोठ्यानं रेकायला लागलं... आणि खोटं कशाला बोलू, लोकांना त्याचंच जास्त कळलं. असो! तर संध्याकाळी चर्चच्या पटांगणात नाटक. नाटक दरवर्षी एकच. आमच्या सॅम्युएल मास्तरांनी लिहिलेलं. मास्तर गेले, नाटक राहिलं. शेतकऱ्याच्या शेतात सैतान येतो, म्हणतो, दुधात पाणी घाल, बांध कोर, शेतकरी म्हणतो, छट्, सैतान पळतो, गाणं, टाळ्या, जेवण. संपलं!

आणि सैतान कोण? हा काय, तुमच्यापुढं उभा आहे! अडतीस वर्षं!

आता तुम्ही म्हणाल, शिंगं लावून नाचायची एवढी कसली हौस? अहो, हौस शिंगांची नाही! मास्तरांनी त्या वहीत मधोमध एक ओळ लिहून ठेवली होती, 'येथे सैतान मनाचे बोलेल.' म्हणजे काय, तर सैतानानं पुढं यायचं, समोर बसलेल्या एकेकाचं नाव घ्यायचं आणि त्याची यथेच्छ उतरवायची. लोकांनी वरून भुईमुगाची टरफलं मारायची आणि हसायचं. रागवायचं नाही. सैतानाच्या तोंडाला माफी! वर्षातले तीनशे चौसष्ट दिवस आमच्या घरात मरियाचं राज्य, माझी बायको हो, सत्तेचाळीस वर्षं झाली, ती तोंड उघडू देत नाही. 'तुम्ही गप बसा, लोक दुखावतात.' मग मी गप बसतो आणि कॅलेंडरच्या पाठीवर टिपून ठेवतो. कोण उपदेशात घोरलं, कुणी केस काळे केले आणि मिश्या विसरला, कोण लग्नात दोन पंगतींना जेवलं... आणि त्या एका संध्याकाळी सगळं सोडायचं! धरणाचे दरवाजे उघडावेत तसं! ते सोडलं नाही तर माणूस आतल्या आत कुजेल हो.

आणि नेमकं तिथंच ही प्रार्थना आली.

प्रार्थना म्हणजे सॅम्युएल मास्तरांची नात. पुण्यात कंप्युटरच्या कंपनीत आहे, घरून काम करते. काम म्हणजे कानात ती पांढरी बोंडं घालून भिंतीशी बोलते. आणि काम नसलं की मोबाईलवर मालिका बघते, त्यात एकच बाई सात विश्वांत सात वेळा मरते आणि आठव्यांदा येऊन स्वतःलाच थोबाडीत मारते. मी एकदा शेजारी बसून बघितलं, मला वाटलं सासू-सुनेचं आहे. म्हणाली, 'नाना, हे मल्टिव्हर्स आहे! आपण एखादा निर्णय घेतला ना, की विश्वाला फाटे फुटतात. तुम्ही चहा प्यायलात, हे एक विश्व. नाही प्यायलात, हे दुसरं. तिथंही एक फिलिपनाना आहेत.'

मी म्हटलं, 'म्हणजे उसाला फुटवे फुटतात तसं?'

'अगदी तसंच!'

'आणि ऊस तुटल्यावर बुडख्यातून परत वर येतो, तसा तो दुसरा फिलिप?'

'त्याला काय म्हणतात?'

'खोडवा.'

'हां, तर तिकडचे नाना म्हणजे तुमचा खोडवा!'

झालं! एवढी सोपी गोष्ट, त्यासाठी इंग्रजीत सात-सात भाग काढायचे? रान तेच, खोड तेच, फक्त पिकाचा उतारा कमी. यात सायन्स कुठं आलं, ही तर शेती झाली! मी आपलं गंमत म्हणून विचारलं, 'पोरी, त्या सगळ्या विश्वांत माझं लग्न हिच्याशीच झालंय का गं?' प्रार्थना म्हणाली, 'नाही नाना, असंख्य विश्वांत तुमचं लग्नच झालेलं नाही.' तर आतून, भाकरी थापता थापता मरिया म्हणते, 'त्यातल्या एकात मला सोडून ये गं, बस आहे का बघ.'

बरं, इथवर ठीक होतं. पण नाटकाच्या तालमीला गेलो तर ही पोरगी आजोबांची वही बाजूला ठेवून नवं बाड घेऊन उभी! म्हणे, 'यंदा नाटक तेच, पण सायन्स फिक्शन. आपल्या विश्वात एक दुष्ट सैतान आणि शेजारच्या विश्वातून येतो एक सज्जन सैतान. दोघं समोरासमोर!'

मी म्हटलं, 'वा! मग त्या सज्जनाचं काम कुणाला देतेस?'

तिनं माझ्याकडं बघितलं. मी मागं वळून बघितलं, तर मागं भिंत!

'अगं, मला? आणि दुष्ट कोण?'

तर दुष्ट कोण, ऐका. एडविन! आमचा एडविन! पोस्टातून रिटायर झालेला, पाच फूट दोन इंच, ज्यानं उभ्या हयातीत कुणाला 'बाजूला सरका' म्हटलं नाही. एसटीत त्याच्या पायावर कुणी पाय दिला तर हा त्याचा स्टॉप येईपर्यंत थांबतो! अडतीस वर्षं नाटकात बैलाचे मागचे पाय करतोय. पुढचे का नाही? तर पुढच्या पायांना हंबरावं लागतं आणि एडविनला लाज वाटते! तो दुष्ट!

'प्रार्थना,' मी म्हटलं, 'हा आणि मी एकच माणूस कसे दिसणार गं? हा केवढा, मी केवढा!'

'त्या विश्वात पाणी चांगलं आहे, नाना.'

आता बोला! आणि माझी ती ओळ? 'येथे सैतान मनाचे बोलेल?' बघितलं तर तिथं लिहिलेलं, 'येथे सज्जन सैतान गावातल्या लोकांची स्तुती करेल (तीन मिनिटे).' स्तुती! तीन मिनिटं! मला तीन मिनिटं स्तुती करायला सांगणं म्हणजे म्हशीला दोरीवर चालवणं. मी म्हटलं, मला नको, मी खाली बसून टरफलं मारतो. आणि थेट पाळकसाहेबांकडं तक्रार नेली, म्हटलं, देवानं एकच सृष्टी केली ना, मग ही दुसरी कुणाच्या परवानगीनं? पाळकसाहेब भले माणूस. त्यांनी पंच कमिटी बोलावली. कमिटी बसली सायन्सवर! एक पंच म्हणाले, 'अनेक विश्वं असतील तर प्रत्येकात एक चर्च आलं, प्रत्येक चर्चची एक कमिटी आली.' दुसरे म्हणाले, 'मग एवढ्या कमिट्यांत आपला ठराव कोण मानणार?' आणि पाळकसाहेब एकदम गंभीर झाले, हळूच म्हणाले, 'आणि बदली झाली तर ती कुठल्या विश्वात होईल, याचा काही नियम आहे का?' दोन तास! शेवटी ठराव झाला की विश्वं किती आहेत हे देव जाणे, पण नाटक प्रार्थना सांगेल तसं.

तरी मी अडून बसलो होतो. पण घरी आलो तर मरिया उंबऱ्यात. म्हणाली, 'अडतीस वर्षं तुमचा सैतान झाला की दुसऱ्या दिवशी हापशावर मान खाली घालून मी उभी राहते. बाया हसतात, मीही हसते. एक वर्ष, एकच वर्ष मला मान वर करून उभं राहू द्या. शब्द द्या.'

आणि तुम्हाला सांगतो, दिला! हसू नका! खरंच दिला. मनातसुद्धा पळवाट ठेवली नाही. म्हटलं, फिलिप, यंदा जे बोलायचं ते खरं आणि चांगलं. कॅलेंडर टिपणं भिंतीकडं करून खिळ्याला लावून टाकलं.

आला सणाचा दिवस. पटांगण गच्च! आमचे ख्रिस्ती लोक तर होतेच, पण नाटकाला अख्खी वाडी येते, त्यात धर्म नाही बघत कुणी, पुढं सतरंजी मिळाली म्हणजे झालं. स्टेजवर विश्वाचं दार. कशाचं? ठिबकच्या नळीचा मोठा गोल, त्याला लग्नाच्या मांडवाची लायटिंग, मागं नगरहून आणलेलं धुराचं मशीन. प्रार्थना म्हणाली, 'नाना, धूर आला की त्या गोलातून बाहेर या, संथपणे, दुसऱ्या विश्वातून आल्यासारखे.' अहो, संथ कसला! पांढरं धोतर, पांढरा सदरा, शिंगांनासुद्धा चुना लावलेला! आणि ती शिंगं अडकली नळीत! मी पुढं ओढतोय, विश्व मागं ओढतंय! मशीनवाला बंद करायचं विसरला, धुरात मी, लोकांना नुसती दोन पांढरी शिंगं दिसतायत आणि आतून माझं खोकणं ऐकू येतंय. शेवटी दुष्ट सैतानानं, म्हणजे एडविननं, येऊन मला सोडवलं आणि वर 'लागलं का रे?' विचारलं. माईकमध्ये! हा दुष्ट!

मग एडविनची पाळी. त्याला लोकांची उतरवायची होती. त्यानं ती कागदावर लिहून पाठ केलेली. हात जोडून, गीत म्हणावं तशा आवाजात म्हणतो, 'सहादेव... दुधात पाणी घालतो... असं म्हणतात हं, मी काही बघितलेलं नाही.' महिला मंडळातून आवाज, 'किती गोड बोलतो गं!' एक टरफल नाही पडलं हो! टरफलं लोकांनी खाऊन टाकली... म्हणजे दाणे खाल्ले, तुम्ही समजून घ्या!

आणि मग मी पुढं आलो. अडतीस वर्षांची सवय, सगळे हसायला तोंड उघडून तयार.

आमच्याकडं घरोघर दूध घालणारा सहादेव, त्याच्यापासून सुरुवात केली. म्हटलं, 'बंधूंनो, मी दुसऱ्या विश्वातून आलोय, पण सहादेवासारखं दूध मला तिथंही मिळालं नाही. शुद्ध दूध!'

मग मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. मग दुसरं. मग जे उसळलं, जे उसळलं! सहादेव ताडकन उभा, 'नाना, शुद्ध म्हंजे काय म्हनायचंय तुमाला?'

'शुद्ध म्हणजे शुद्ध, बाबा.'

'म्हंजे आसं डोळं मिचकावून?'

'अरे, धूर गेला डोळ्यात!'

आणखी हशा! म्हटलं, सोडा, दुसऱ्याकडं वळू. समोर गोरक्षनाथ. कष्टाळू माणूस, कुणाच्या अध्यात नाही, मध्यात नाही. म्हटलं, 'ह्या गोरक्षनाथानं शेजाऱ्याच्या बांधाला कधी बोटसुद्धा लावलं नाही!' लोक सतरंजीवर लोळायला लागले. आणि त्याचा शेजारी मात्र हसला नाही, तो उठला आणि पावलं मोजल्यासारखा चालत घरी गेला!

माझं काय चुकत होतं, तुम्हीच सांगा! मी खरं बोलत होतो हो! समोर पहिल्या रांगेत मरिया बसलेली, नवं लुगडं, मान वर. म्हटलं, हिच्यासाठी हे सगळं, तर निदान हिच्याबद्दल एक शब्द नीट पोचला पाहिजे. माईक दोन्ही हातांनी धरला. म्हटलं, 'आणि ही माझी मरिया. सत्तेचाळीस वर्षं हिच्या हातची आमटी खातोय. अशी आमटी उभ्या प्रवराकाठी कुणी करत नाही. आणि माणूस म्हणाल तर ती माझ्यापेक्षा दहा पटीनं चांगली.' खोटं नाही सांगत, आवाज कापला.

आणि तो आवाज कापला ना, तिथं तर कहर झाला! लोकांना वाटलं, म्हातारा काय नक्कल करतोय! टाळ्या, शिट्ट्या, वन्स मोअर! मागं एडविन एवढा हसला की त्याची शिंगं गळ्यात आली. पाळकसाहेबांनी डोळे पुसले. आणि मरिया... मरियाची मान हळूहळू खाली गेली.

घरी जाताना चार पावलं पुढं चालत होती. दारात आल्यावर एवढंच म्हणाली, 'आमटी आवडत नव्हती तर घरात सांगायचं होतं. चव्हाट्यावर सांगायची काय गरज होती?'

आता काय करावं! मी म्हटलं, 'अगं, आवडते!' म्हणाली, 'बघा, अजून थांबत नाहीत.'

दुसऱ्या दिवशी उजाडतं न उजाडतं तोच सहादेव दारात, किटली हातात, डोळे लाल. 'नाना, आडतीस वरसं तुमी मला पानी घालतो म्हनला, लोक हसलं आन् दूध घेत ऱ्हायले. एक डाव शुद्ध म्हनला, तर आज चार घरच्या बायांनी दुधातलं पानी मोजायची काचंची नळी आनून बुडवली माझ्या किटलीत! माझ्या! आमची तिसरी पिढी हाय दुधात!'

'मग काय निघालं?'

'शुद्धच निघालं की! तर म्हनत्यात, आज शुद्ध आनलंय, नाना बोलला म्हनून!'

तो जातोय तोवर गोरक्षनाथ. त्याच्या शेजाऱ्यानं सकाळीच बांधाच्या मोजणीचा अर्ज लिहून घेतलेला! 'नाना, ईस वरसं एका बांधावर भाकर खाल्ली आमी. आन् तुमी माझी स्तुती केली!' स्तुती केली, हे तो असं म्हणाला जसं कुणी म्हणावं, कडब्याची गंज पेटवली!

मी प्रार्थनाकडं गेलो. म्हटलं, निस्तर आता! तर ती पोरगी टाळ्या वाजवते! म्हणे, 'नाना, हे सगळ्या सिनेमांत असतं! एका विश्वातली वस्तू दुसऱ्या विश्वात आली की स्फोट होतो! तुमचा चांगुलपणा ह्या विश्वातला नाहीच!' मी म्हटलं, यात सायन्स कुठं आलं? म्हणाली, 'हेच तर सायन्स, नाना. प्रयोग यशस्वी!' तुझा प्रयोग यशस्वी, पण माझी बायको आठ दिवस धड बोलली नाही! जेवायला वाढायची, पण आमटी बंद! भाकरी आणि ठेचा. आमटी विचारली की म्हणायची, 'ती प्रवराकाठी कुणी करत नाही.'

शेवटी पाळकसाहेब आले. सतरंजीवर बसले, चहा बशीत ओतून घेतला. म्हणाले, 'फिलिपनाना, येत्या रविवारी तुम्ही सगळ्यांसमोर माफी मागा.'

'कशाबद्दल?'

'स्तुतीबद्दल.'

अहो, अडतीस वर्षं मी लोकांची अब्रू काढली, मला कुणी माफी मागायला लावली नाही! आणि तीन मिनिटं चांगलं बोललो तर थेट माफी! पण म्हटलं, ठीक. मोजणी तर थांबली पाहिजे.

रविवार आला. सहादेव आणि गोरक्षनाथ काही चर्चला येणारे नाहीत, पण त्या दिवशी दोघं अंघोळ करून, केस विंचरून मागच्या बाकावर. गोरक्षनाथाचा शेजारीही आला, मधे एक माणूस सोडून बसला. मरिया बायांच्या बाजूला, डोक्यावर पदर, नजर खाली. मी उभा राहिलो. खूप विचार करून आलो होतो, की सांगावं, बाबांनो, मी खरंच मनापासून बोललो होतो. तोंड उघडलं... आणि सगळ्यांचे चेहरे बघितले. नुसते ताणलेले! मी आता काय चांगलं बोलतो, ह्या भीतीनं!

मग म्हटलं, जाऊ द्या. बोललो, 'सुगीच्या दिवशी मी जे बोललो ते सगळं मागं घेतो. सहादेव दुधात पाणी घालतो. तेही हापशाचं, क्षाराचं. गोरक्षनाथ बांध कोरतो, आता कोरून कोरून विहिरीपर्यंत पोचलाय. एडविनचे पाय बैलाचेच बरे होते. आणि आमच्या घरची आमटी... पांचट असते.'

अहो, चर्च हललं! सहादेव मागून ओरडला, 'हां! आता कसं!' गोरक्षनाथाच्या शेजाऱ्यानं मधल्या माणसाच्या पाठीमागून हात नेऊन गोरक्षनाथाच्या पाठीवर थाप मारली, अर्ज खिशातच फाडला. पाळकसाहेब म्हणाले, आमेन. आणि मी बायांच्या बाजूला बघितलं. मरियाची मान वर! शेजारणीला कोपर मारून म्हणत होती, 'ऐकलंत का? आमचे हे म्हणजे असेच.'

घरी आलो. पाट मांडला, ताट आलं, ताटात वाटी आणि वाटीत... आमटी! काळा मसाला, वर तर्री, कोथिंबीर. समोर बसली, पदर खोचून, आठ दिवसांनी पहिल्यांदा हसली. म्हणाली, 'घ्या. पांचट आहे.'

मी भुरका मारला. आणि तुम्हाला सांगतो, काय झाली होती ती आमटी! डोळ्यांत पाणी आलं माझ्या. शब्द अगदी जिभेच्या टोकावर आला... आणि गिळला. तोंड वाकडं केलं, म्हटलं, 'हं. घाल अजून दोन वाट्या, काय करणार, टाकून कशी द्यायची?'